५१४ कामं सांगणारा कादंबरीकार

मुराकामी म्हटलं की आपल्याकडच्या वाचणाऱ्या मंडळींना एकच माणूस आठवतो, हारुकी. मांजरं, विहिरी, जॅझच्या रेकॉर्ड्स आणि मॅरेथॉन. नोबेल जाहीर व्हायच्या आठवड्यात त्याचं नाव पेपरात आलंच म्हणून समजा. पण जपानमध्ये नुसतं मुराकामी म्हणून भागत नाही, 'कुठला?' असं विचारावं लागतं. दुसऱ्या मुराकामीचं नाव ऱ्यू. दोघं नात्यातले नाहीत. हारुकी १९४९चा, ऱ्यू १९५२चा. म्हणजे वयाने धाकटा, पण पुस्तक आधी त्याचं आलं. १९८१ साली दोघांच्या गप्पांचं एक पुस्तकही निघालं. आज लिहायचंय ते या धाकट्याबद्दल.

पास आऊट होणारे सिनिअर्स खोलीत काय काय टाकून जातात ते तुम्हाला माहीत आहेच. बादली, ड्राफ्टर, मागच्या वर्षांच्या पेपरांचे गठ्ठे, रेक्टर सरांपासून लपवलेली शेगडी. माझ्या वाट्याला आलेल्या कपाटात याशिवाय '६९' नावाची एक बारीकशी कादंबरी होती, इंग्रजी अनुवादातली. नाव वाचून विंगमध्ये जे विनोद व्हायचे ते झाले, ते इथे छापता येणार नाहीत. अर्थ मात्र अगदी साधा आहे, साल १९६९. लेखक तेव्हा सतरा वर्षांचा होता आणि कादंबरी त्याच्या स्वतःच्या शाळेतल्या उपद्व्यापांवर बेतलेली आहे. ती एका रात्रीत वाचून झाली. मग मी या माणसाच्या मागेच लागलो.

सासेबो हे नागासाकी प्रांतातलं बंदर. दुसऱ्या महायुद्धानंतर तिथे अमेरिकन नौदलाचा तळ बसला. ऱ्यूचा जन्म याच गावातला, तारीख १९ फेब्रुवारी, म्हणजे आपल्या शिवजयंतीची. आई-वडील दोघंही शिक्षक. एका बाजूला शिस्तीचं घर आणि दुसऱ्या बाजूला तळावरचे सैनिक, त्यांचे बार आणि त्यांचं रॉक संगीत, अशा वातावरणात पोरगा वाढला. जानेवारी १९६८ मध्ये 'एंटरप्राइज' ही अणुशक्तीवर चालणारी अमेरिकन विमानवाहू नौका सासेबोला आली. व्हिएतनाम युद्धाचे दिवस होते. देशभरातून विद्यार्थी निदर्शनं करायला त्या गावात जमा झाले. वय वर्षं पंधरा-सोळा असताना हे सगळं घरापाशी बघायला मिळालं तर कुणाचं डोकं ठिकाणावर राहील?

शाळेत त्याने बँड काढला. तो ड्रम वाजवायचा. बँडचं नाव सीलकांथ. सीलकांथ म्हणजे कोट्यवधी वर्षांपूर्वी नामशेष झाला असं सगळे धरून चालले होते आणि १९३८ साली दक्षिण आफ्रिकेच्या किनाऱ्यावर जिवंत सापडला तो मासा. १९६९च्या उन्हाळ्यात त्याने आणि मित्रांनी शाळेच्या गच्चीवर बॅरिकेड घातलं. शिक्षा झाली, जवळजवळ तीन महिने घरी बसवलं. कादंबरीत या क्रांतीचं खरं कारणही दिलंय. शाळेतली एक मुलगी इम्प्रेस झाली पाहिजे! त्यासाठी आधी बॅरिकेड, आणि नंतर सिनेमा, नाटक, संगीत असं सगळं एकत्र करून एक मोठा फेस्टिव्हल. आपल्या गॅदरिंगची कमिटी ज्यांनी जवळून पाहिली आहे, त्यांना यातलं काहीही अतिशयोक्त वाटणार नाही. २००४ साली या कादंबरीवर सिनेमाही निघाला, दिग्दर्शक ली सांग-इल.

आता गंमत बघा. ऱ्यू मुराकामीची ओळख करून देताना सगळीकडे 'कादंबरीकार, शिवाय चित्रपट आणि संगीतातही काम' असं म्हणतात. म्हणजे मेन सब्जेक्ट कादंबरी आणि बाकी सगळे इलेक्टिव्ह. प्रत्यक्षात क्रम उलटा आहे. आधी ड्रम. शाळा सुटल्यावर मित्रांबरोबर आठ एमएम कॅमेऱ्यावरच्या फिल्म्स. १९७० मध्ये टोकियोत येऊन सिल्कस्क्रीन छपाई शिकायला एका कलाशाळेत प्रवेश, आणि काही महिन्यांत तिथून गच्छंती. मग फुस्सा या गावात मुक्काम. तिथे शेजारी योकोता हा अमेरिकन हवाई दलाचा तळ. सासेबोहून निघालेला मुलगा परत दुसऱ्या तळाच्या कुंपणाशीच येऊन बसला. १९७२ मध्ये मुसाशिनो कला विद्यापीठात नाव घातलं. या सगळ्यानंतर कादंबरी.

ती कादंबरी म्हणजे 'ऑलमोस्ट ट्रान्सपरंट ब्लू', १९७६. तळाजवळच्या खोल्यांमध्ये नशा करत, रेकॉर्ड्स ऐकत पडून राहणाऱ्या पोरापोरींची गोष्ट. आधी 'गुंझो' मासिकाचं नवोदितांचं पारितोषिक आणि त्याच वर्षी आकुतागावा पारितोषिक, जे जपानमध्ये नव्या लेखकाला मिळू शकणारं सगळ्यात मानाचं. लेखकाचं वय चोवीस, अजून कॉलेजात. परीक्षकांमध्येच मतभेद झाले, वाद झाले आणि पुस्तकाच्या दहा लाखांहून जास्त प्रती खपल्या. वाचायला सोपं पुस्तक नाही ते. काही पानं वाचताना मला मळमळलं. पण त्यातला कंटाळा ओळखीचा वाटतो. सगळं समोर आहे, रात्रभर जाग आहे, आणि करण्यासारखं काहीच नाही. सेमिस्टर संपल्यावर हॉस्टेलवर मागे उरलेल्यांना तो कंटाळा माहीत आहे.

दुसरा कुणी असता तर इथून पुढे दर दोन वर्षांनी एक कादंबरी लिहून सुखात राहिला असता. याने १९७९ मध्ये आपल्याच कादंबरीवरचा सिनेमा स्वतः दिग्दर्शित केला. १९८३ मध्ये 'दायजोबू, माय फ्रेंड'. यात 'ईझी रायडर'वाला पीटर फोंडा आकाशातून पडलेला आणि उडायला विसरलेला परग्रहवासी झालाय. तो आपटला. १९८९ मध्ये 'रॅफल्स हॉटेल'. १९९२ मध्ये 'टोकियो डेकडन्स', हाही स्वतःच्याच कथांवर, संगीत ऱ्युइची साकामोतोचं (घरी सगळ्यांबरोबर बसून बघायचा सिनेमा नव्हे, आधीच सांगून ठेवतो). १९९६ मध्ये 'क्योको'. शिवाय मध्ये १९८७ ते १९९१ टीव्हीवर गप्पांचा कार्यक्रम.

हिशेब प्रामाणिकपणे मांडायचा तर सिनेमावाल्यांच्या जगात ऱ्यू मुराकामीचं नाव सगळ्यात जास्त घेतलं जातं ते त्याने न केलेल्या सिनेमामुळे. 'ऑडिशन' ही त्याची १९९७ची कादंबरी, तिच्यावर ताकाशी मिइके या दिग्दर्शकाने १९९९ साली केलेला सिनेमा जगभर गाजला. स्वतः केलेल्या पाचांपैकी एकही तेवढा गाजला नाही. ऑलराउंडर म्हटलं की आपण समजतो की माणूस बॅटिंग, बोलिंग, फिल्डिंग सगळ्यात अव्वल. हा तसा नाही. एका गोष्टीत अव्वल, दुसरीत बेताचा, आणि बेताचा असूनही ती गोष्ट वीस वर्षं न सोडणारा. मला तो आवडला तो इथे.

संगीताचंही तेच. १९९०च्या दशकात हा माणूस क्युबाच्या संगीतात बुडाला. नुसता ऐकत बसला नाही, तिथले बँड जपानमध्ये आणले, कार्यक्रम केले, अल्बम काढले. 'क्योको' हा सिनेमा त्यातूनच आला. अमेरिकन तळाच्या गावात वाढलेली एक जपानी मुलगी. लहानपणी तळावरच्या खोसे नावाच्या क्युबन वंशाच्या सैनिकाने तिला नाच शिकवलेला असतो. मोठेपणी त्याचे आभार मानायला ती न्यूयॉर्कला जाते, तर तो एड्सने मरणाच्या दारात आणि तिला ओळखतसुद्धा नाही. ती त्याला गाडीत घालून मायामीला त्याच्या घरच्यांकडे घेऊन निघते. आई-वडील नाहीत, पैसा नाही, भाषा धड येत नाही. तिच्याकडे एकच गोष्ट आहे, तिला नाचता येतं. रस्ताभर ती त्या एका गोष्टीवर तरून जाते.

इथे मला या माणसाच्या सगळ्या कामांतला समान धागा सापडला. 'कॉइन लॉकर बेबीज' (१९८०) ही त्याची बहुतेक सगळ्यात गाजलेली कादंबरी घ्या. रेल्वे स्टेशनवर पैसे टाकून सामान ठेवायचे लॉकर असतात ना, तशा लॉकरमध्ये जन्मतःच टाकून दिलेली दोन मुलं, किकू आणि हाशी. दोघंही वाचतात, अनाथाश्रमात वाढतात. बिथरलेल्या या मुलांना शांत करण्यासाठी डॉक्टर त्यांना एक आवाज ऐकवतात, माणसाच्या हृदयाच्या ठोक्यांचा. पुढे किकू पोल व्हॉल्ट शिकतो. हाशी गायक होतो आणि लहानपणी ऐकलेला तो आवाज नेमका कुठला होता हे शोधत वेडा व्हायची पाळी येते. शेवट काय होतो ते सांगत नाही. पण ऱ्यूच्या गोष्टींत पुन्हा पुन्हा हेच दिसतं. ज्याने सांभाळायचं तो सोडून जातो, मग ती आई असेल, शाळा असेल, कंपनी असेल नाहीतर देश. अशा वेळी माणसाच्या हातात काय उरतं? अंगात मुरलेली एखादी गोष्ट. नाच, उडी, गाणं, ठेका.

हे नुसतं कादंबरीपुरतं राहिलं असतं तर मी हा लेख लिहिला नसता. पण जपानमध्ये ते खरोखर घडलं. २९ डिसेंबर १९८९ रोजी टोकियोच्या शेअर बाजाराचा निक्केई निर्देशांक ३८,९१५ पर्यंत चढून बंद झाला आणि नंतर जो घसरायला लागला तो वर्षानुवर्षं घसरतच राहिला. नोव्हेंबर १९९७ मध्ये यामाइची सिक्युरिटीज ही शंभर वर्षं जुनी, देशातल्या चार बड्यांपैकी एक असलेली कंपनी बुडाली. चांगली शाळा, मग चांगलं कॉलेज, मग मोठी कंपनी, की थेट रिटायरमेंटपर्यंत बघायला नको, हे गणित दोन पिढ्या मुलांना पाठ करून घेतलेलं होतं. त्या गणिताचा पायाच खचला.

यावर या रॉकवाल्या, नशेच्या कादंबऱ्या लिहिणाऱ्या माणसाने काय करावं? त्याने अर्थशास्त्राचा अभ्यास सुरू केला. १९९९ मध्ये बँकिंग आणि अर्थव्यवहारातल्या जाणकारांना प्रश्न विचारून त्यांची उत्तरं छापणारं एक ई-मेल नियतकालिक काढलं, जेएमएम नावाचं. त्याच वर्षी एक चित्रमय पुस्तक केलं, विषय असा की बुडीत बँकांमध्ये ओतलेल्या पैशात दुसरं काय काय विकत घेता आलं असतं. २००० साली आलेल्या कादंबरीत त्याने देशभरातल्या लाखो शाळकरी मुलांना शाळा सोडायला लावून स्वतःचा इंटरनेटवरचा धंदा उभारायला लावलं. आणि २००३ मध्ये त्याने ते पुस्तक लिहिलं ज्याच्यासाठी हा सगळा खटाटोप: 'तेरा वर्षांच्यांसाठी हॅलो वर्क'.

हॅलो वर्क हे जपानच्या सरकारी रोजगार कार्यालयाचं बोलीतलं नाव, आपलं एम्प्लॉयमेंट एक्स्चेंज समजा. तेरा वर्षांच्या मुलामुलींसाठी या पुस्तकात ५१४ कामांची ओळख करून दिलेली आहे. यातही दहा लाखांच्या वर प्रती खपल्या. खरी मेख आहे ती रचनेत. आपल्याकडची करिअर गायडन्सची पुस्तकं आठवा. इंजिनिअरिंग, मेडिकल, कॉमर्स, डिफेन्स असे भाग, आणि प्रत्येकात पात्रता, टक्के, कट-ऑफ. हे पुस्तक सुरू होतं ते आवडीपासून. फुलं आवडतात? प्राणी आवडतात? किडे आवडतात? मग त्या आवडीच्या दारातून आत गेलं की कुठकुठली कामं दिसतात त्यांची यादी. आणि ज्यांना काहीच आवडत नाही त्यांचं काय? त्यांच्यासाठी शेवटी खास विभाग आहे. मोठ्यांना न पटणाऱ्या आवडी तिथे गंभीरपणे घेतल्यात. चाकू-सुऱ्या आवडणाऱ्यांसाठी मजकूर आहे, आणि काहीही न करता नुसतं झोपून राहायला आवडतं अशांसाठीसुद्धा! ही बातमी सांगितल्यावर आमच्या विंगमध्ये लेखकाबद्दल एकदम आदर निर्माण झाला.

लेखक होणं या कामाबद्दल त्याने त्यात जे म्हटलंय ते मला सगळ्यात जास्त पटलं. त्याचा आशय असा, की लेखन हे माणसाला उरलेलं शेवटचं काम आहे. ते कधीही, कुठल्याही अवस्थेतून सुरू करता येतं. म्हणून तेराव्या वर्षी कुणी लेखक व्हायचंय म्हणालं तर त्याला सांगावं, आत्ता दुसरं काहीतरी शोध. चोविसाव्या वर्षी आकुतागावा मिळवलेला माणूस हे सांगतोय. पण वर दिलेला क्रम आठवा. ड्रम, फिल्म, छपाई आणि मग कादंबरी. त्याने स्वतःचंच वेळापत्रक मुलांना वाचून दाखवलं.

हे वाचल्यावर आम्ही एक प्रयोग केला. शेवटचं सबमिशन संपल्याच्या रात्री विंगमधल्या अकरा जणांना एकेक कोरा कागद दिला. नियम एकच. कामाचं, कंपनीचं, पॅकेजचं नाव लिहायचं नाही, फक्त काय करायला आवडतं ते लिहायचं. पहिली पंधरा मिनिटं अपेक्षेप्रमाणे वाया गेली. झोप, बिर्याणी, परत झोप. मग हळूहळू कागद भरायला लागले. सिव्हिलच्या एकाने लिहिलं, जुने नकाशे वाचायला आवडतात, कंटूरवरून टेकडी कशी असेल ते डोळ्यांपुढे आणायला आवडतं. एकाने लिहिलं, रांगेतल्या अनोळखी माणसांशी बोलायला आवडतं. आणि इलेक्ट्रिकलचा एक जण, तीन वर्षांत ज्याच्या तोंडून आम्ही दहा वाक्यंही सलग ऐकली नव्हती, त्याने लिहिलं: जळालेली मोटर उघडून ती का जळाली ते ओळखायला आवडतं.

आम्ही विचारलं, म्हणजे कसं? तर गडी बोलायला लागला. थ्री फेजची मोटर चालू असताना एक फेज गेली, तर वाइंडिंगच्या काही कॉइल्स काळ्या पडतात आणि काही जशाच्या तशा राहतात. ओव्हरलोडने जळाली तर सगळ्या एकसारख्या करपतात. नुसतं बघून सांगता येतं. तालुक्याच्या गावी त्याच्या वडिलांचं रिवाइंडिंगचं दुकान आहे, आठवीपासून तो तिथे बसायचा. आम्हाला हे पहिल्यांदाच कळत होतं. 'पप्पा म्हणतात, तू तरी या तेलकट कामातून बाहेर पड. म्हणून कुणाला सांगत नव्हतो,' तो म्हणाला. त्या रात्री दीड वाजेपर्यंत तो बोलत होता आणि व्हायवाला जेवढं कुणाचं ऐकलं नसेल तेवढं आम्ही त्याचं ऐकलं.

अकरापैकी दोघांचे कागद कोरे राहिले. एक जण हसून उठून गेला. दुसरा कम्प्युटरचा, नऊच्या वर पॉइंटर असलेला. तो बराच वेळ कागदाकडे बघत बसला होता. म्हणाला, 'मला हे कधी कुणी विचारलंच नाही रे.' त्याच्यावर कुणी हसलं नाही.

आता यावर तुमचा आक्षेप मला ऐकू येतोय. आवडीने पोट भरत नाही. शैक्षणिक कर्जाचा हप्ता बँक आवड बघून माफ करत नाही. ब्रँच मिळाली ती कट-ऑफने, आवडीने नाही. सगळं बरोबर. ज्याच्या घरी धाकटी बहीण शिकतेय आणि बापाची शेती पावसावर आहे, त्याला 'मनाचं ऐक' असं सांगणारी माणसं मलाही चीड आणतात. पण ऱ्यू मुराकामीचं म्हणणं तसं गोड नाहीच. तो हिशेबाच्या बाजूने बोलतोय. कंपनी जन्मभर सांभाळेल या भरवशावर राहिलेल्यांचं काय झालं ते त्याने डोळ्यांनी पाहिलं. उद्या कंपनी नाही राहिली, किंवा तुमचं काम एखादं सॉफ्टवेअर करायला लागलं, तर परत नवं शिकावं लागणार. आणि न आवडणारी गोष्ट माणूस परत परत किती वर्षं शिकेल? केटी सोडवण्यापुरतं आपण काहीही शिकतो, ते विसरायला आठवडाही लागत नाही. आवड हा त्याच्या दृष्टीने अडचणीच्या काळात चालणारा दारूगोळा आहे. आवडत्या कामात अपयश आलं तरी माणूस ते सोडत नाही, याचा पुरावा म्हणजे त्याचे स्वतःचे ते पाच सिनेमे.

ज्या साकामोतोने 'टोकियो डेकडन्स'ला संगीत दिलं, तोही १९५२च्याच जानेवारीतला, ऱ्यूपेक्षा जेमतेम महिन्याने मोठा. दोघांचं १९८५ साली एकत्र पुस्तक आलं होतं. साकामोतो पुढे 'द लास्ट एम्परर'च्या संगीतासाठी ऑस्कर घेऊन आला. २०१० मध्ये आयपॅड जपानात नुकताच आला होता, तेव्हा ऱ्यूने 'गाणारा देवमासा' अशा अर्थाच्या नावाची आपली नवी कादंबरी छापील पुस्तकाच्या आधी त्या यंत्रावर काढली आणि तिच्यात साकामोतोचं संगीत घातलं. त्याच वर्षी ई-बुक काढायची स्वतःची कंपनीही सुरू केली. लेखकाचं वय तेव्हा अठ्ठावन्न, म्हणजे आपल्याकडे राज्य सरकारी कर्मचारी ज्या वयात रिटायर होत आलेत ते. गच्चीवरच्या फेस्टिव्हलचा मुलगा अजून शब्द, चित्र आणि आवाज एकत्र आणण्याच्याच मागे होता. साकामोतो २८ मार्च २०२३ रोजी गेला.

हे वाचून कुणी ब्रँच बदलावी किंवा प्लेसमेंटला दांडी मारावी, असं माझं अजिबात म्हणणं नाही. तो इलेक्ट्रिकलचा मित्रही टेस्टची तयारी करतोच आहे. फक्त परवा त्याने घरी फोन लावला तेव्हा मी खोलीत होतो. वडिलांना तो विचारत होता, दुकानात सध्या कुठल्या मोटरी जास्त येतायत, आणि जळालेल्या एखाद्या मोटरचे फोटो पाठवता का. पलीकडून बराच वेळ काही आवाज आला नाही. मग वडील बोलायला लागले आणि हा वही ओढून लिहून घ्यायला लागला.